पारडी बदलून

११ फेब्रुवारी १९८०

ती. मामा,

नमस्कार करते आणि लगेच भांडायला बसते, कारण दुसरं कुणी हाताशी नाही.

तुम्ही डिसेंबरात निवृत्त होऊन मुलाकडे राहायला गेलात. तुमच्या खुर्चीवर आता कोण बसलं आहे, ओळखा. चष्मेवाला! होय, तोच. चिमटा कसा धरायचा हे ज्याला तुम्ही तीन वेळा शिकवलंत आणि तरी जो वजन बोटांनीच उचलायचा. माझ्यानंतर नऊ वर्षांनी आलेला माणूस मुख्य तपासनीस झाला. काल दुपारी नोटीस लागली. मी चहाचा कप हातात घेऊनच वाचली. सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं आणि मग सगळ्यांना एकदम काहीतरी काम आठवलं.

मी तडक वरच्या साहेबांकडे गेले. म्हटलं, बावीस वर्षं या वजनमापांच्या कचेरीत तराजूसमोर बसले आहे. दुकानदारांचं एकही खोटं वजन माझ्या हातून खरा शिक्का घेऊन बाहेर गेलेलं नाही. मग माझ्यात काय कमी पडलं? ते म्हणाले, "बढती समितीनं गोपनीय अहवाल बघून ठरवलं." मी म्हटलं, अहवाल तर आमच्याच साहेबांनी, म्हणजे मामांनी लिहिलेत, त्यात काय वाईट असणार! तर म्हणाले, "ते गोपनीय आहेत, बाई." झालं. पुढे काय बोलणार, कपाळ?

मामा, मला ती खुर्ची हवी आहे. तुमच्यापासून लपवून काय करू? त्या खुर्चीवर बसणाऱ्याची सही दाखल्यावर असते. इतकी वर्षं वजनं मी तोलली आणि खाली सही दुसऱ्याची. निवृत्त व्हायच्या आधी थोडी वर्षं तरी ती माझी असावी, एवढंच मागणं आहे. कामगार न्यायाधिकरणात अर्ज टाकते आहे. वकीलबाई हुशार आहेत, फक्त बोलताना पेन चावतात.

आई विचारते, गुडघे कसे आहेत. तिला आता अक्षर मुळीच दिसत नाही. तेव्हा तुमचं पत्र मीच वाचून दाखवणार, माझ्याबद्दल वाईटसाईट लिहू नका! ती शेजारणींना अजून सांगते, "माझा भाऊ होता ना तिच्यावर, तिला कसली काळजी!"

तुमची,
चिमटी


२५ फेब्रुवारी १९८०

चि. चिमटीस मामाचे आशीर्वाद.

पत्र मिळालं. वाईट वाटलं. चष्मेवाला मुलगा वाईट नाही. थोडा घाईचा आहे.

माझं ऐकशील तर या भानगडीत पडू नकोस. न्यायाधिकरण म्हणजे वर्षानुवर्षांचं काम. रोज ज्यांच्या शेजारी बसायचं त्यांच्याशीच भांडायचं, ते तुला झेपेल, पण सोसणार नाही. तुझं काम चोख आहे. ज्याला कळायला हवं त्याला ते कळलेलं आहे.

अक्काला सांग, गुडघे जिना चढताना बोलतात, एरवी गप्प असतात. मुलानं मला रस्त्याकडची खोली दिली आहे. समोर सायकल दुरुस्तीचं दुकान आहे. त्या माणसाचा हात ठीक आहे.

त्या साहेबांनी तुला अहवाल दाखवले का? नसतील तर मागू नकोस. आणि दाखवले तर मला कळव.

मामा


६ ऑगस्ट १९८२

ती. मामा,

अडीच वर्षांनी एकदाचे ते गोपनीय अहवाल उघडले! त्यांच्या वकिलानं माझे शेवटच्या आठ वर्षांचे कागद न्यायाधिकरणासमोर ठेवले आणि वकीलबाईंनी ते माझ्यापुढे सरकवले. आधी तुमचं अक्षर बघूनच बरं वाटलं. तीच उजवीकडे वर वर चढत जाणारी ओळ. मग वाचलं. "कामाचा दर्जा : समाधानकारक." पुढच्या वर्षी, समाधानकारक. आठही वर्षं तेच. आणि नियम काय, तर बढतीसाठी आठांपैकी निदान पाच "उत्तम" हवेत.

वकीलबाईंचा चेहरा पडला. मला मात्र खरं सांगते, हसू फुटलं. म्हटलं, बाई, तुम्ही या माणसाला ओळखत नाही! त्यांच्या लग्नातलं जेवण कसं झालं असं विचारलं तर म्हणाले, "पुरलं." मुलगा वर्गात पहिला आला तर म्हणाले, "नापास झाला नाही." बावीस वर्षं मी त्यांच्यासमोर बसून तोललं, तर काट्याकडे बघून नुसतं "हं" म्हणायचे. यांच्या लेखी "समाधानकारक" म्हणजे कळस झाला. यांच्या तोंडून "उत्तम" हा शब्द मी जन्मात ऐकलेला नाही.

वकीलबाईंनी तोंडातलं पेन काढलं. म्हणाल्या, "हे त्यांनी स्वतः लिहून दिलं तर केस आपली."

तर मामा, एक प्रतिज्ञापत्र हवं आहे. एवढंच लिहायचं की मी कुणालाच उत्तम लिहीत नसे, माझं समाधानकारक म्हणजेच इतरांचं उत्तम. इथं यायलाही नको. तिथंच सही करून पाठवा. तुमच्या दोन ओळींनी माझं काम होईल.

आणि एक गंमत. त्या शब्दाखालचा कागद हाताला खरखरीत लागतो, आधी पेन्सिलीनं काही लिहून खोडल्यासारखा. आठही कागदांवर! एका शब्दासाठी किती तो विचार! आईला सांगितलं तर म्हणाली, "लहानपणापासून तसाच आहे तो. पाटीसुद्धा दोनदा पुसायचा."

वाट बघते.
चिमटी


३० ऑगस्ट १९८२

चि. चिमटीस आशीर्वाद.

प्रतिज्ञापत्राचं जमेलसं वाटत नाही. रक्तदाब वर गेला आहे, डॉक्टरांनी दगदग नको म्हणून बजावलं आहे. हात कापतो. सही जुन्या सहीशी जुळणार नाही, आणि त्यांचा वकील नेमकं त्यावरच बोट ठेवेल. शिवाय मी तुझा सख्खा मामा. मामानं दिलेलं प्रतिज्ञापत्र कोण खरं मानणार? तुझं नुकसानच व्हायचं.

त्या शब्दाचा तू जो अर्थ लावलास तोच धरून चाल. तू मला ओळखतेस.

कागदाचं म्हणशील तर कचेरीचा कागद असाच असतो.

अक्काला नमस्कार सांग. रक्तदाबाचं तिला वाचून दाखवू नकोस, उगाच घोर लावून घेईल.

मामा


१९ मार्च १९८५

ती. मामा,

जिंकले! जिंकले हो मामा!

पाच वर्षं लागली, पण न्यायाधिकरणानं माझं म्हणणं मानलं. तुमच्याविना मानलं. मी साक्ष दिली, दोघा जुन्या सहकाऱ्यांनी दिली. तिघांनीही तुमचं "हं" करून दाखवलं तेव्हा समोरचे अध्यक्षसुद्धा हसले. निकालात काय लिहिलंय ऐका : "सदर अधिकारी कोणालाही उत्तम असा शेरा देत नसत, असे दिसते. समाधानकारक हाच त्यांचा सर्वोच्च शेरा समजावा." बघा, तुमचा स्वभाव आता सरकारदरबारी नोंदवला गेला!

सोमवारपासून खुर्चीवर आहे. चष्मेवाल्यानं किल्ल्या स्वतः आणून दिल्या. म्हणाला, "बाई, माझ्या मनावरचं ओझं उतरलं." वाईट मुलगा नाहीच तो. खुर्ची डावीकडे कलते, हे तुम्ही इतक्या वर्षांत एकदा तरी बोलायचं होतंत की! पायाखाली पुठ्ठा घातला.

पहिला दाखला पाच किलोच्या वजनाचा होता. मी स्वतः तोललं, पारडी बदलून, तुम्ही शिकवलंत तसंच. एकदा डाव्या पारड्यात, एकदा उजव्या. म्हणजे तराजूचीच काही खोड असली तर ती वजनाच्या माथी बसत नाही. मग सही केली. मामा, सही करताना पहिलं अक्षर वाकडंच आलं. तुम्ही असतात तर म्हणाला असतात, "चालेल."

आई आता मला "साहेब" म्हणते. सकाळी दारातून ओरडते, "साहेब, डबा घेतलास का?"

तुमची,
मुख्य तपासनीस (चिमटी)


२७ मार्च १९८५

चि. चिमटीस अनेक आशीर्वाद.

निकाल दोनदा वाचला. मग खिडकीशी बसलो. आज बऱ्याच दिवसांनी दुपारी झोप लागली.

आता तो विषय संपला. जुने कागद पुन्हा काढू नका म्हणावं वकीलबाईंना. खुर्चीचं माहीत होतं. मी घडी घातलेलं वर्तमानपत्र घालायचो.

मामा


१४ मे १९८५

ती. मामा,

सात आठवडे बसले खुर्चीवर, आणि गेली. व्यवस्थापन उच्च न्यायालयात गेलं आणि तिथून स्थगिती आणली. शुक्रवारी माझी पिशवी उचलून परत जुन्या टेबलावर आले.

मी वकीलबाईंना विचारलं, आता तिथं पुन्हा पहिल्यापासून सगळं सांगायचं का? म्हणाल्या, "नाही. तुमचं काम चांगलं की वाईट, हे तिथं कुणी विचारणार नाही. न्यायाधिकरणानं आपल्या अधिकारात राहून आणि समोरच्या कागदांना धरून निर्णय दिला की नाही, एवढंच ते बघतात." मी म्हटलं, म्हणजे वजन पुन्हा तोलायचं नाही, फक्त तराजू तपासायचा? म्हणाल्या, "अगदी तसंच." मग जिवात जीव आला. तराजू तपासायची भीती मला कधीच नव्हती.

आईला स्थगितीचं सांगितलेलं नाही. आज सकाळीही तिनं दारातून विचारलं, "साहेब, डबा?" मी म्हटलं, घेतला.

चिमटी


१६ जानेवारी १९९०

मामा,

तुमचे गुडघे, तब्येत, सगळं पुढच्या पत्रात विचारीन. आज एकच विचारायचं आहे.

साडेचार वर्षांनी सुनावणी लागली. मी रजा काढून मागच्या बाकावर बसले होते. त्यांच्या वकिलानं बढती समितीची फाईल काढली. ती पहिल्या दिवसापासून कागदपत्रांत होती म्हणे, पण तिची दोरी सोडून कुणी बघितलं नव्हतं. ना त्यांनी, ना आम्ही, ना खालच्या अध्यक्षांनी. आत चष्मेवाल्याचे अहवाल होते. त्याच आठ वर्षांचे, तुम्ही लिहिलेले.

वकील एकेक पान उलटत वाचत गेला. उत्तम. उत्तम. चांगले. उत्तम. आठांत सहा वेळा उत्तम. न्यायमूर्तींनी विचारलं, "हे अधिकारी कोणालाच उत्तम लिहीत नसत, असं खालच्या निकालात म्हटलंय ना?" वकीलबाईंच्या हातातलं पेन खाली पडलं, ते त्यांनी उचललं नाही.

सुनावणी संपल्यावर मी ती पानं मागून घेऊन बघितली. ओळ उजवीकडे वर चढत होती. तिथला कागद मात्र गुळगुळीत होता.

कुणीतरी तुमचं अक्षर गिरवलं असेल, असं मी वकीलबाईंना सांगितलं आहे. मामा, हे तुम्ही लिहिलेलं नाही, एवढंच मला कळवा. दोन ओळी पुरेत.

चिमटी


२८ जानेवारी १९९०

चिमटे,

हे पत्र अक्काला वाचून दाखवू नकोस.

मी लिहिलं. तुझे आणि त्याचे, दोन्ही मीच लिहिले. कुणी अक्षर गिरवलेलं नाही.

तू रीतसर परीक्षा देऊन आलीस. तरी तू आल्यावर महिन्याभरात वर एक निनावी अर्ज गेला, की मामानं भाचीला चिकटवली. मला बोलावणं आलं. मुख्य तपासनीस म्हणून माझी स्वतःची बढती त्याच वर्षी वर पडून होती. मी साहेबांना शब्द दिला, की माझ्या हातून तिला कणभर जास्त मिळणार नाही. वर्षाअखेर तुझा अहवाल लिहायला बसलो. आधी पेन्सिलीनं "उत्तम" लिहिलं, कारण खरं तेच होतं. तुझ्यासारखा हात मी त्या कचेरीत दुसरा बघितला नाही. मग ते खोडलं आणि शाईनं "समाधानकारक" लिहिलं. माझी बढती झाली.

पुढच्या वर्षी निनावी अर्ज नव्हता. माझं काही अडलंही नव्हतं. तरी तसंच केलं, कुणी बोट दाखवू नये म्हणून. तिसऱ्या वर्षापासून सवयच झाली. पेन्सिलीनं खरं लिहिल्याशिवाय मला पुढे जाता येत नसे, आणि ते खोडल्याशिवाय सही करता येत नसे. बावीस वर्षं हेच. बाकीच्यांना जे योग्य ते लिहीत गेलो. त्यांना लिहिताना मला कुणाची भीती नव्हती.

मला वाटायचं, हा माझा प्रामाणिकपणा. आपल्या माणसासाठी तराजूला बोट लावायचं नाही, हे मी सगळ्यांना शिकवलं. उलट्या बाजूनं लावलेलं बोटसुद्धा बोटच असतं, हे तुझं पहिलं पत्र आलं तेव्हा कळलं. तोवर चष्मेवाला खुर्चीवर बसला होता.

तेव्हा तरी सांगायला हवं होतं. तू प्रतिज्ञापत्र मागितलंस तेव्हा माझा रक्तदाब ठीक होता. हात आजही कापत नाही, हे अक्षर बघ. तू लिहिलंस तसं खोटं मला लिहून द्यायचं नव्हतं, आणि खरं लिहून द्यायची छाती झाली नाही. मी माझ्याच भाचीला बावीस वर्षं खोटं मापलं, हे सहीनिशी लिहावं लागलं असतं. त्या कचेरीत अजून माझं नाव खऱ्या मापाचा माणूस म्हणून घेतात. तेवढं मला सोडवलं नाही. मग तू जिंकलीस, आणि मला वाटलं, सुटलो.

सोबत प्रतिज्ञापत्र आहे. काल जाऊन केलं. अहवालांचं सगळं त्यात आहे, माझ्या बढतीचंसुद्धा. वकीलबाईंना दे. लवकर दे. साक्षीला बोलावलं तर गुडघ्यांसकट येतो आणि सगळ्यांसमोर सांगतो.

माफ कर म्हणायला तोंड नाही.

मामा


२१ मार्च १९९०

मामा,

प्रतिज्ञापत्र मिळालं त्याच दिवशी घेऊन गेले. वकीलबाईंनी आधी उभ्याउभ्या वाचलं, मग बसून वाचलं. म्हणाल्या, "आठ वर्षांपूर्वी हे हातात असतं ना, तर आज आपण इथं नसतो." तरी त्यांनी ते न्यायमूर्तींपुढे केलं.

त्यांनी हातात घेतलं नाही. आवाज शांत होता, माणूस चांगला वाटला. म्हणाले, निर्णय देताना न्यायाधिकरणापुढे जे कागद होते त्यांवरूनच आम्ही तो निर्णय तपासतो. हा कागद तेव्हा नव्हता, म्हणून तो आम्हाला वाचता येणार नाही. मग त्यांनी विचारलं, "हे गृहस्थ तेव्हा कुठं होते?" वकीलबाई म्हणाल्या, "तब्येत बरी नव्हती." मीच त्यांना तेव्हा तसं सांगितलं होतं, तुमच्या ब्याऐंशी सालच्या पत्रावरून.

पंधरा तारखेला निकाल लागला. न्यायाधिकरणाचा निष्कर्ष समोरच्या कागदांच्या विरुद्ध आहे, म्हणून रद्द. प्रकरण फेरसुनावणीला खाली पाठवता आलं असतं, पण कर्मचारी अकरा आठवड्यांनी निवृत्त होत आहेत, तेव्हा त्यात काही अर्थ उरत नाही. दहा मिनिटांत आटोपलं. आणि मामा, निकाल बरोबर आहे. मी तीनदा वाचला, त्यात एक अक्षर चुकलेलं नाही. कुणावर तोंड टाकावं तर कुणी सापडतच नाही. एक तुम्ही सोडून.

त्या सात आठवड्यांत मी सह्या केलेल्या दाखल्यांच्या नकलांवर "रद्द"चा शिक्का मारायचा हुकूम आला. चष्मेवाल्यानं फाईल माझ्या टेबलावर आणून ठेवली. म्हणाला, "बाई, माझ्या हातून हे होणार नाही. वाटलं तर मला मेमो द्या म्हणावं." मग मीच मारले. एकशे बारा होते. पाच किलोचा तो पहिला दाखलाही निघाला, वाकड्या सहीचा.

मला फार राग आला आहे, मामा. आणि रागापेक्षा जास्त रडू येतं आहे. पेन्सिलीनं तुम्ही खरं लिहायचात, हे कळलं नसतं तर बरं झालं असतं. बावीस वर्षं मी एक "हं" मिळवायला काम केलं. कधी चांगलंसं "हं" मिळालं तर घरी येऊन आईला सांगायचे, आज साहेब खूश होते. आणि तुमच्या खिशातल्या पेन्सिलीला सगळं माहीत होतं!

तुम्हीच शिकवलंत ना, एका बाजूनं तोलून कुठलंही वजन सोडायचं नाही. दुकानदारांचे गंजके किलोसुद्धा आपण पारडी बदलून दोनदा तोलले. मला तुम्ही एकदाही पारडं बदलून तोललं नाहीत. मी तुमची भाची, एवढ्या एकाच पारड्यात मला बसवलंत आणि विसरून गेलात.

आईला यातलं काही ठाऊक नाही. निकालाचंही नाही आणि तुमचंही नाही. तुमच्या पाकिटाचा आवाज झाला की ती उशी सारखी करून बसते आणि म्हणते, "वाच." ते जानेवारीतलं पत्र हातात धरून मी तिला मनानंच वाचून दाखवलं. गुडघे बरे आहेत, सायकलवाल्यानं नवी पाटी लावली आहे, साहेबांना आशीर्वाद सांग म्हणाले आहेत. ती हसली आणि म्हणाली, "तुझ्यावर फार जीव आहे त्याचा." मी म्हटलं, हो.

म्हणून पत्रं बंद करू नका. आईला लिहा. तुमच्या पत्रावाचून तिला करमत नाही, आणि मला दर वेळी नवं खोटं सुचायचं नाही. मला मात्र काही लिहू नका. माझं नावसुद्धा नको.

तुमच्या अक्काची मुलगी


५ एप्रिल १९९०

ती. अक्का,

धाकट्या भावाचा नमस्कार. गुडघे बरे आहेत. सायकलवाल्यानं दुकानाला हिरवा रंग दिला. निम्मा भिंतीला लागला, निम्मा त्याला.

नातीचा पुढचा दात पडला. ती तो घेऊन माझ्याकडे आली आणि म्हणाली, आजोबा, तुम्ही वजनं तोलायचात ना, मग याचं वजन करा. तराजू कुठून आणू? तिच्या आईचा भुवया कोरायचा चिमटा घेतला, दात उचलला, उजेडात धरला आणि सांगितलं, बरोबर भरलाय. तिला ते पटलं नाही. म्हणाली, दुसऱ्या बाजूनंही बघा. बघितलं.

अक्का, मी पाटी दोनदा पुसायचो ते तुला आठवतं का? तू ओरडायचीस, अरे, आधी लिहिलं होतंस तेच बरोबर होतं, कशाला पुसलंस? तेव्हा मी कबूल केलं नाही. तुझं बरोबर होतं.

इथं आता जेवायला हाक मारताहेत. एकच राहिलं. हे पत्र जी तुला वाचून दाखवते आहे, तिचं काम मी बावीस वर्षं जवळून पाहिलं आहे. कामाचा दर्जा : उत्तम. शाईनं लिहिलं आहे.

तुझा भाऊ


१४ एप्रिल १९९०

मामा,

पत्र मिळालं. आईनं दोनदा वाचून घेतलं. दाताच्या गोष्टीला खूप हसली. पाटीचं ऐकून म्हणाली, "आत्ता कबूल केलं, साठ वर्षांनी!"

दोन्ही वेळा शेवटच्या ओळींशी आले आणि त्या माझ्याच्यानं वाचवेनात. आईनं विचारलं, "हे असं मध्येच कसं संपलं गं?"

म्हटलं, मामांचा कागद संपला.